मुक्या मांडवाची बखर

श्री. ऐकणारास नमन, ज्याचे कान शाबूत त्यास एकदां, ज्याचे गेले त्यास दोनदां. राज्याचें नांव लिहिलें नाहीं. लिहिल्यास मानकरी खवळतील, न लिहिल्यानें कोणी ओळखणार नाहीं ऐसेंही नाहीं. राज्यशक एकुणनव्वद, संवत्सराचे नांवावर ज्योतिषी अद्याप भांडत आहेत, वैशाख मास, वद्य पक्ष, तें समयीं उत्तरबुरुजाचे गोलंदाज सटवाजी यांची कन्या गोजराबाई इचे विवाहीं जें जाहलें तें जैसें जाहलें तैसें येथें नमूद असे. गोड करून लिहिणें हें भाटांचें काम, तें भाटांनीं करावें; त्यांस त्याची शाल मिळते.

या राज्यीं मान आवाजावर मोजीत. ज्याचें लग्न वेशीपर्यंत ऐकूं जाईल तो गृहस्थ, ज्याचें नदीपर्यंत तो पाटील आणि ज्याचें नदीपल्याड तो सरदार, ऐसा दस्तूर. म्हणून जो तो ऐपतीबाहेर नगारे आणी, त्यावर ताशे आणी, त्यावर कर्णे आणी, आणि मग सोयरेधायरे बेहोष होऊन नाचत, आणि मांडवांत कोण आलें, कोण जेवलें, कोण उपाशी गेलें, कोणाचे डोळे भरले, हें कोणास ठाऊक होत नसे. माय लेकीस निरोपाचे दोन शब्द बोले ते लेकीस ओठांवरून ताडावे लागत. नगारा बंद होई तो एकाच कारणें. घरांत मयत जाहल्यास. तेव्हां नगाऱ्यावर काळी घोंगडी घालून तो दारीं ठेवीत, आणि ती पाहून शेजारपाजारचे लोक डोईस पांढरें फडकें गुंडाळून पिठलें-भाकर झांकून घेऊन येत, कारण दुखवट्याचे घरीं चूल पेटत नसे. यास कडू घास म्हणत. मग लोक तेथें बसत, आणि हळू बोलत, आणि गेलेल्याचे गुण आठवून सांगत. सारांश, या राज्यांत माणूस माणसाशीं नीट बोले तो केवळ मेलेल्याचे दारांत. यावर कोणा पंडितानें ग्रंथ लिहिला नाहीं. पंडितांचीं लग्नेंही वाजतच होत असत.

सटवाजी गोलंदाज म्हणजे गनिमानें गडास वेढा घातला तेव्हां उत्तरबुरुजाची थोरली तोफ ज्यानें थंड होऊं दिली नाहीं तो. कानांत घालावयाचा कापूस जखमी शिपायांचे पट्ट्यांस कमी पडों लागला, तेव्हां यानें आपल्या कानांतला काढून दिला, आणि तोफ डागीत राहिला. वेढा उठला, गड राहिला, कान गेले. अगदींच गेले ऐसें नाहीं. समोर बसून, एकट्यानें, सावकाश बोलल्यास त्यास दाणा न् दाणा कळे. कांहीं कानांनीं घेई, कांहीं ओठांवरून काढी. परंतु चार जणें एकदम बोललीं अथवा ताशा कडाडला कीं डोक्यांत लाह्या फुटों लागत आणि सर्व एक होई. मग हा मांडवाचे कोपऱ्यांत छातीस हात लावून उभा राही, आणि कोणी येऊन कांहीं बोलल्यास मान लववून म्हणे, "होय होय, आपली कृपा." राज्यभर हा त्याचा शब्द प्रसिद्ध होता, आणि पोरें त्याची नक्कल करीत, आणि ज्यांचीं घरें त्या तोफेनें राखिलीं त्यांचींच तीं पोरें.

गोजराबाईची सोयरीक पश्चिमदरवाज्याचे मानकरी दर्याजीराव यांचे चिरंजीव निंबाजी यांजशीं ठरली. दर्याजीरावांचे पागेंत घोडे थोडे आणि नगारे जास्त. सुपारी फोडिते दिवशीं मांडवांत ताशांचा कडकडाट चालला असतां दर्याजीराव मद्याचे भरांत सटवाजींसमोर येऊन उभे राहिले, आणि सोयऱ्यांकडे डोळा घालून म्हणाले, "काय व्याही, जन्माचंच गाढव, का तोफेनं केलं?" आणि सटवाजीनें छातीस हात लाविला आणि मान लववून म्हणाला, "होय होय, आपली कृपा." मग हंशा असा पिकला कीं ताशेवाल्यांच्या टिपऱ्या चुकल्या. सर्व हंसतात असें पाहून सटवाजीही हंसला. गोजराबाई गुळाचें तबक घेऊन चार पावलांवर उभी होती. तिनें ऐकलें. निंबाजी मात्र हंसला नाहीं, खालीं पाहात राहिला, हेंही तिनें पाहिलें. नाहीं तर सोयरीक तेथेंच मोडती. घरीं येतां वाटेंत गाडींत बापानें पुसलें, "गोजरे, व्याही काय म्हणाले गं? फार हसली मंडळी." ती म्हणाली, "तुमची तारीफ केली, आबा." तो म्हणाला, "चांगला माणूस." आणि त्या क्षणापासून तिनें मनीं धरलें, कीं आपले लग्नांत बापानें आपलीच थट्टा आपण हंसूं नये, एक सांज तरी जें बोललें जाईल तें त्यास ऐकूं यावें. याहून तिचें मागणें कांहीं नव्हतें, आणि या राज्यीं याहून मोठें मागणें दुसरें नव्हतें.

मग लग्नाआधीं हुजूर दर्शनास जाण्याचा दस्तूर, म्हणून बाप लेकीस घेऊन दरबारीं गेला. महाराज प्रसन्न होते. वेढ्याची आठवण काढून त्यांनीं फर्माविलें, "गोलंदाजाच्या लेकीच्या लग्नास आमचा हत्तीवरचा नगारा, जोडीस कर्णे, आणि नाचाचा ताफा." दरबारानें वाहवा केली. ज्या आवाजानें माणसाचे कान खाल्ले तोच आवाज त्यास बक्षीस, आणि यांत वावगें कोणासच दिसलें नाहीं. थोर लोक बक्षीस देतात तें घेणारास काय हवें हें न पुसतां देतात. सटवाजी म्हणाला, "होय होय, आपली कृपा." तों गोजराबाई पुढें जाहली आणि बोलली, "महाराज, नगारा नको." दरबार दचकला. कारभारी म्हणाले, "पोरी, कोणासमोर बोलतेस?" ती म्हणाली, "ज्यांच्यासाठी माझ्या बापाचे कान गेले त्यांच्यासमोर. गडाला हत्तीवरचा नगारा पुष्कळदा ऐकू आलाय. माझ्या बापाला माझ्या लग्नात एकदा माणूस ऐकू येऊ दे. एक सांज शांत पाहिजे. दुसरं काही नको." राजास उत्तर सुचलें नाहीं कीं त्यास विचार म्हणण्याचा प्रघात आहे, म्हणून महाराजांनीं विचार केला ऐसें येथें लिहिलें असे.

दर्याजीराव तेथेंच होते, ते उसळले. म्हणाले, "बिननगाऱ्याची नवरी म्हणजे चोरून आणलेली नवरी! आमच्या सात पिढ्यांत मुका मांडव झाला नाही. हे असंच असेल तर सोयरीक मोडली समजा." तेव्हां निंबाजी बापाचे मागें उभा होता, तो हळूच म्हणाला, "मोडा, दादासाहेब. आणि मग मोडल्याचा नगारा वाजवा. तोही नदीपल्याड ऐकू जाईल." मग महाराजांनीं निवाडा केला: लग्न मुहूर्तावर गडावर वाजत-गाजत लागावें, वरात नाचत निघावी, तो वरपक्षाचा हक्क, दुसरे दिवशीं सांजेस सोयऱ्यांची भेट गोलंदाजाचे मळ्यांत व्हावी, तेथें वाद्य नाहीं, नाच नाहीं, परंतु हुजूरचा नगारा दिला तो परत घेणें अपमानाचें, सबब तो न वाजवितां मळ्याचे दारीं मानाखातर उभा ठेवावा. असा निवाडा, ज्यांत दोहीं बाजूंस अर्धें देऊन हुजूरचा मान पूर्ण राखितात.

तेथून पुढें गोजराबाई आणि तिची आत्या अवडाबाई यांनीं भेटीची तजवीज मांडिली. अवडाबाई म्हणजे लग्नाकार्यांत ओरडून ओरडून घसा बसलेली बाई. ती म्हणाली, "अगं, पण वाजणार नाही, नाचणार नाही, मग आलेल्यांनी करायचं काय?" गोजराबाई म्हणाली, "बसायचं. जेवायचं. बोलायचं." आत्या म्हणाली, "काय बोलायचं?" गोजराबाई म्हणाली, "आत्या, चाळीस वर्षं लग्नं केलीस, एकाही विहिणीशी बोलली नाहीस का कधी?" आत्यानें पुष्कळ आठवून पाहिलें आणि म्हणाली, "भांडले आहे." मग दोघींनीं सतरंज्या लांब रांगांत न घालतां चिंचेखालीं गोल गोल घातल्या, म्हणजे माणसास माणसाचें तोंड दिसावें, आणि आचाऱ्यांस लांकडी डाव दिले आणि पातेल्यांखालीं गवताच्या चुंबळी ठेविल्या, म्हणजे भांडें भांड्यास लागों नये, आणि बैलांच्या गळ्यांतल्या घुंगुरमाळा काढिल्या, आणि बापाची बैठक विहिरीच्या भिंतीशीं केली, पाठीमागून आवाज येऊं नये म्हणून, आणि समोर दोन समया ठेविल्या, बोलणाराचे ओठ दिसावे म्हणून. पुरणाच्या पोळ्या, कटाची आमटी आणि कैरीचें पन्हें ऐसा बेत केला. सर्व विचार केला. राहतां राहिला दारींचा नगारा. येतां जातां कोणी संवयीनें टिपरी मारील या भयानें गोजराबाईनें स्वहस्तें त्यावर काळी घोंगडी टाकिली, आणि चारी कोपरे बांधिले, आणि निश्चिंत जाहली. ज्या राज्यांत ती जन्मली, वाढली, त्या राज्यांत घोंगडी घातलेल्या नगाऱ्याचा अर्थ काय, हें तिचे ध्यानीं आलें नाहीं. सुखाचे तजविजींत बुडालेल्या माणसास मरण आठवत नाहीं. आत्या ओरडावयास न मिळाल्यानें बेजार होती, तिच्याही ध्यानीं आलें नाहीं.

लग्न लागलें, गड दणाणला, वरात नाचली, सटवाजी कोपऱ्यांत छातीस हात लावून उभा राहिला, तें सर्व दस्तुराप्रमाणें जाहलें, त्यांत लिहिण्याजोगें कांहीं नाहीं.

दुसरे दिवशीं ऊन कलतां समया लागल्या, पानें मांडिलीं, वरपक्षाकडील मंडळी मळ्यामागील वाटेनें उतरून येऊन बसली, आणि सटवाजी नवें पागोटें बांधून विहिरीच्या भिंतीशीं बसला. पायथ्याच्या गांवांतून बोलावलेले लोक वळणावर दिसों लागले, आणि गोजराबाईचें काळीज हरखलें. तों ते लोक वळणावर थबकले. दाराकडे पाहिलें. आपसांत कांहीं बोलले आणि माघारे फिरले. मग दुसरा जथा आला, तोही थबकला आणि फिरला. तिसरा आला, तोही तैसाच. गोजराबाई दारांत उभी राहून पाहात होती. दर्याजीराव लोडास टेकून बसले होते, ते हंसून म्हणाले, "बघा सूनबाई. आवाज नाही तिथे माणूस येत नाही. आता त्या समयांशी गप्पा मारा." निंबाजी म्हणाला, "येतील." दर्याजीराव म्हणाले, "कशाला येतील? शांतता चाखायला?" सटवाजीस इतकें ऐकूं आलें. त्यानें लेकीकडे पाहिलें, आणि लेकीनें तोंड फिरविलें. कारण या सांजेस त्यास सर्व ऐकूं यावें म्हणून तिनें खटपट केली, आणि पहिलें ऐकूं आलें तें हें.

मग अंधार पडण्यापूर्वीं वळणावर पुन्हा माणसें दिसलीं. थोडकीं नव्हे, तीन गांवें एकवट जाहलीं होतीं. सर्वांच्या डोईस पांढरीं फडकीं, बायांच्या हातीं झांकलेल्या टोपल्या, आणि कोणी बोलत नव्हतें, पायांचा मात्र आवाज येत होता. अवडाबाईनें त्यांस पाहिलें, मग दारींच्या नगाऱ्याकडे पाहिलें, आणि कपाळावर हात मारून खालीं बसली. "अगं भवाने! घोंगडी! अपशकुन गं, कडू घास घेऊन आलीत!" दर्याजीराव ताडकन उठले, "माझ्या पोराच्या लग्नात सुतक! कोणाचं? कोण मेलं?" आणि तितक्यांत पुढची बाई मळ्यांत शिरली. ती ठकाबाई धनगरीण, पायथ्याचे वाडीची, घोंगड्या विणणारी. तिनें हंबरडा फोडावयास तोंड उघडिलें, आणि समोर समयांच्या उजेडांत सटवाजी नव्या पागोट्यानिशीं बसलेला पाहिला. ती म्हणाली, "बाबा... तुम्ही तर बसलाय!"

आणि सटवाजी म्हणाला, "मग काय करू, आडवा होऊ?"

गोजराबाई जागींच थांबली. बाई दारांत होती, बाप भिंतीशीं, मध्यें अर्धा मळा, आणि बापानें ऐकलें होतें. ऐकून "होय होय" म्हटलें नाहीं. उत्तर दिलें होतें. पांढऱ्या फडक्यांत कोणी तरी फस्कन हंसलें, मग सर्व हंसले, आणि या वेळीं सटवाजीस ठाऊक होतें कीं कशास हंसतात. तो उठून म्हणाला, "मी मेलो म्हणून आलात ना? मग माघारे जाऊ नका. मेल्यावर लोक काय बोलतात हे जित्या कानांनी ऐकायला राजालाही मिळत नाही. बसा. एकेकानं या, दिव्याकडे तोंड करा, आणि मी मेल्यावर जे बोलणार होतात ते बोला."

लोक बसले. कडू घासाच्या टोपल्या पुरणाच्या पोळ्यांशेजारीं उघडिल्या गेल्या, आणि अपशकुनाचें काय करावें हें कोणासच न सुचल्यानें कोणी कांहीं केलें नाहीं. ठकाबाई पहिली पुढें आली, समयांसमोर बसली, आणि हळू बोलली, "बाबा, वेढ्यात तुमची तोफ वाजत हुती तवर गनीम खिंडीकडं फिरला न्हाई. आम्ही पायथ्याच्या बाया तेवढ्यात पोरं घिऊन घाट उतरलो. म्या पोटुशी हुते. दर जत्रंला, दर लग्नाला तुमच्याफुडं यिऊन ह्येच सांगते. तुम्ही म्हणता, होय होय, आपली कृपा. आन् मी माघारी जाते." सटवाजी म्हणाला, "मला वाटायचं, तू घोंगडी विकायला येतेस." ती म्हणाली, "न्हाई ओ." तो म्हणाला, "आणि मी मनात म्हणायचो, ही बाई इतकी आर्जवं करते, एकदा घ्यावी." मग ती हंसली, आणि हंसतां हंसतां पदर तोंडास लाविला, आणि सटवाजीनें आपला पन्ह्याचा पेला तिजपुढें सारिला.

मग एकामागून एक लोक येऊन बसते जाहले, आणि कोणी चांगलें बोलले, कोणी तक्रार केली कीं बाबा, तुमच्या तोफेनं आमची म्हैस आटली ती आटलीच, आणि सटवाजी म्हैशीचेंही उत्तर देता जाहला. गोलांत बसलेले लोक आपसांत बोलों लागले. एका विहिणीनें दुसरीस पुसलें कीं तुमचा गुडघा कसा आहे, आणि उत्तर ऐकून घेतलें. अवडाबाई दोन विहिणींमध्यें बसून तिघींचें एकमत जाहल्यानें चकित होती. गोजराबाई पन्हें वाढीत फिरत होती आणि तिचा कान बापाकडे होता.

शेवटीं सटवाजी म्हणाला, "व्याही, आपण राहिलात. या, समोर बसा." दर्याजीराव आले आणि बसले. समयांचा उजेड त्यांचे ओठांवर पडला. सटवाजी म्हणाला, "सुपारीच्या दिवशी आपण मला काहीतरी विचारलंत. मी हो म्हणालो. मंडळी फार हसली. काय विचारलं होतंत, ताशांत कळलं नाही. आज विचारा."

सुपारीस जे हंसले होते ते बहुतेक तेथें बसले होते, त्यांनीं पानांत पाहिलें. गोजराबाईचे हातांत पन्ह्याची कळशी तैसीच राहिली. बापास सर्व ऐकूं यावें हें मागतांना हेंही ऐकूं येईल हा विचार तिनें केला नव्हता. दर्याजीरावांचा आवाज ऐसा कीं सात नगाऱ्यांवरून ऐकूं जाई. परंतु त्यांनीं दाराकडे, घोंगडीखालच्या नगाऱ्याकडे पाहिलें. जन्मांत प्रथमच त्या मनुष्यास मान वाढविण्यासाठीं नव्हे, तोंड लपविण्यासाठीं नगारा हवा होता. आणि तो पहिल्यापासून सर्वांस याच कामीं हवा असतो कीं काय, हें ज्यानें त्यानें आपलें पाहावें.

दर्याजीराव म्हणाले, "विचारलं होतं... विचारलं होतं की, लेक देता का."

सटवाजी त्यांचे ओठांकडे पाहात होता. ओठांवरून बोलणें काढणारा मनुष्य तो, सुपारीस काय हाललें आणि आज काय हाललें यांतला फरक त्यास समजला नाहीं ऐसें कोणी म्हणूं नये. तो म्हणाला, "मग हो म्हणालो ते बरोबरच म्हणालो." आणि शेजारची टोपली ओढून त्यानें भाकरी मोडली, त्यावर पिठलें घातलें, आणि घास व्याह्यांपुढें धरिला. म्हणाला, "घ्या. माझ्या मरणाचा कडू घास आहे. सावकाश खा." दर्याजीरावांनीं घास घेतला आणि तोंडांत घातला. त्यांचे चावण्याचा आवाज मळ्यांतल्या सर्वांस ऐकूं आला.

मग मंडळी उठली आणि समया मालवितां सटवाजी लेकीस म्हणाला, "गोजरे, तारीफ केली म्हणाली होतीस." ती म्हणाली, "हो, आबा." तो म्हणाला, "बरं." आणि घोंगडीचे कोपरे सोडावयास गेला.

येणेंप्रमाणें जाहलें. राज्य यानें सुधारलें ऐसें कोणी समजूं नये. पुढील मुहूर्तास दर्याजीरावांचे पुतण्याचें लग्न दुप्पट नगाऱ्यांनीं वाजलें, महाराजांनीं हत्ती पाठविला, आणि भाटांनीं लिहिलें कीं गोलंदाजाचे मळ्यांतील सांज ही हुजूरचीच कल्पना. पायथ्याचे तीन गांवीं मात्र ज्या घरीं कोणी बहिरें, आजारी वा तान्हें असेल तेथें लग्नाचे दुसरे सांजेस नगाऱ्यावर घोंगडी घालितात, आणि येणारे लोक डोईस फडकें न बांधतां, दारांत थांबून आधीं पुसतात, "सगळे जिते ना?" आंतून होकार आला कीं बसतात आणि बोलतात. सटवाजी त्यानंतर पुष्कळ वर्षें जगला. मेला तेव्हां लोक कडू घास घेऊन आले, आणि त्याजविषयीं सांगावयाचें तें त्यास आधींच सांगून जाहलें होतें म्हणून मुकाट्यानें बसले. हकीकत समाप्त. ज्यास ऐकूं आली त्यानें ज्याचे कान गेले त्यास समोर बसून, सावकाश सांगावी.